मंत्री राहिलेला वकील पुढे न्यायाधीश होऊ शकतो का?

तुमचे प्रश्न दोन आहेत. राजकारण केलेल्या वकिलाला न्यायाधीश होता येतं का, आणि केरळात मंत्री राहिलेले व्ही. आर. कृष्ण अय्यर सर्वोच्च न्यायालयात कसे पोचले.

पहिल्याचं उत्तर सरळ आहे. होता येतं. उच्च न्यायालयासाठी घटनेच्या कलम २१७ मध्ये दोनच वाटा आहेत: दहा वर्षं न्यायिक पद किंवा दहा वर्षं उच्च न्यायालयातली वकिली. पक्ष, निवडणूक, मंत्रिपद याबद्दल त्यात चकार शब्द नाही. आमदार-खासदार असताना वकिलीची सनद चालू ठेवायलाही हरकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केलं आहे. जिल्हा न्यायाधीशाच्या थेट भरतीत मात्र एक खाच आहे. तिथे वकिलाला सात वर्षांची वकिली लागते आणि ती अर्जाच्या दिवसापर्यंत सलग हवी, असा २०१३ चा निकाल आहे. मधली काही वर्षं सनद बाजूला ठेवून पूर्ण वेळ दुसरं काही केलं असेल, तर अर्ज तिथेच अडकतो.

उच्च न्यायालयासाठी अर्जच नसतो. मुख्य न्यायमूर्ती आणि दोन ज्येष्ठ न्यायमूर्ती नाव सुचवतात. ते राज्य सरकारकडे जातं, तिथून केंद्राच्या विधी खात्याकडे. गुप्तवार्ता विभागाचा अहवाल जोडला जातो, मग सर्वोच्च न्यायालयाचं कॉलेजियम, म्हणजे ज्येष्ठ न्यायाधीशांचं निवड मंडळ, आणि शेवटी राष्ट्रपती. सुरुवात बहुधा अतिरिक्त न्यायाधीश म्हणून, जास्तीत जास्त दोन वर्षांसाठी. नाव अडतं ते पात्रतेवर क्वचित, अडतं ते योग्यतेवर. आणि योग्यता हा कॉलेजियमचा प्रांत आहे, कोर्ट त्यात शिरत नाही. २०२३ मध्ये मद्रास उच्च न्यायालयात व्हिक्टोरिया गौरी यांच्या नियुक्तीला त्यांच्या भाजपमधल्या कामावरून आव्हान दिलं गेलं, ते याच मुद्द्यावर फेटाळलं गेलं. २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयासाठी भाजपच्या माजी प्रवक्त्या आरती साठे यांचं नाव आलं तेव्हा आपल्याकडेही हाच वाद झाला.

आता कृष्ण अय्यर. त्यांची वकिली मलबारमधल्या तलश्शेरीची, शेतकरी-कामगारांचे खटले चालवणारी. १९४८ मध्ये कम्युनिस्टांना मदत केल्याच्या संशयावरून ते महिनाभर तुरुंगात होते. १९५२ मध्ये अपक्ष म्हणून मद्रास विधानसभेत गेले. १९५७ मध्ये कम्युनिस्ट पाठिंब्यावर, पण अपक्षच, केरळ विधानसभेत आले आणि ई. एम. एस. नंबूदिरीपाद यांच्या मंत्रिमंडळात गृह, विधी, तुरुंग, पाटबंधारे अशी खाती सांभाळली. ३१ जुलै १९५९ ला केंद्राने ते सरकार बरखास्त केलं. १९६५ ची निवडणूक हरल्यावर त्यांनी राजकारण सोडलं आणि पूर्ण वेळ कोर्टात परतले. जुलै १९६८ मध्ये केरळ उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले.

त्या काळी कॉलेजियम नव्हतं, ते १९९३ नंतरचं. नियुक्तीत सरकारचा शब्द जड असे, आणि १९६८ मध्ये केरळात मुख्यमंत्री पुन्हा नंबूदिरीपादच होते. हे लपवण्यात अर्थ नाही. पुढे विधी आयोग, आणि १७ जुलै १९७३ ला सर्वोच्च न्यायालय. ही वेळ फार वाईट होती. एप्रिलमध्येच संसदेच्या घटनादुरुस्तीच्या अधिकाराला मर्यादा घालणाऱ्या केशवानंद भारती निकालानंतर तीन ज्येष्ठ न्यायाधीशांना डावलून अजितनाथ राय यांना सरन्यायाधीश केलं होतं, तिघांनी राजीनामे दिले होते आणि ‘बांधील न्यायव्यवस्था’, म्हणजे सरकारच्या धोरणाला बांधलेली, हा शब्द सगळ्यांच्या तोंडी होता. अशात एक माजी मंत्री तिथे येतो म्हटल्यावर मुंबईतल्या वकिलांमधूनही विरोध झाला. गंमत अशी की राजीनामा दिलेल्या तिघांपैकी के. एस. हेगडे हेही न्यायाधीश होण्याआधी काँग्रेसचे राज्यसभा सदस्य होते. १९५७ मध्ये ते थेट म्हैसूर उच्च न्यायालयात गेले होते. पुढे १९७७ मध्ये जनता पक्षातर्फे निवडून येऊन ते लोकसभेचे अध्यक्ष झाले.

अय्यर यांची खरी परीक्षा जून १९७५ ची. १२ जूनला अलाहाबाद उच्च न्यायालयाने इंदिरा गांधींची निवड रद्द केली आणि अपिलासाठी वीस दिवसांची स्थगिती दिली. सर्वोच्च न्यायालयाला सुट्टी, आणि सुट्टीतले न्यायाधीश अय्यर. विधिमंत्री ह. रा. गोखले यांनी फोन करून भेटायची वेळ मागितली. हे गोखले स्वतः मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश होते, राजीनामा देऊन राजकारणात आलेले. म्हणजे अय्यर यांच्या उलट्या वाटेचा प्रवासी. अय्यर यांनी काम काय ते विचारलं आणि भेटीची गरज नाही, अपील रजिस्ट्रीत, म्हणजे न्यायालयाच्या कचेरीत, दाखल करा, लवकर ऐकतो असं सांगितलं. २३ जूनला इंदिरा गांधींच्या बाजूने वकील नानी पालखीवाला, विरोधात शांती भूषण. पूर्ण स्थगिती मागितली होती. २४ जूनला मिळाली ती अटींची: पंतप्रधान राहा, संसदेत बसा-बोला, पण खासदार म्हणून मतदान नाही आणि मानधन नाही. दुसऱ्या रात्री आणीबाणी आली. पंतप्रधानपद वाचवलं म्हणून एक बाजू त्यांना आजही दोष देते, अटी घातल्या म्हणून दुसरी बाजू तेव्हा चिडली. माझ्या मते आदेश अशा अपिलांतल्या रुळलेल्या पद्धतीलाच धरून होता.

मंत्रिपदाचा अनुभव निकालांत कुठे दिसतो हे पाहायचं तर तीन प्रकरणं पुरेत. रतलाम नगरपालिका, १९८०: उघडी गटारं, मैला, दारूच्या कारखान्याचं सांडपाणी, आणि पालिका म्हणते पैसे नाहीत. खाती चालवलेल्या माणसाला हे रडगाणं नवं नव्हतं. पैसा नाही हा कायद्याने बचाव होत नाही, असं ठरलं. आधार होता सार्वजनिक उपद्रव हटवायचा आदेश देणारं फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १३३. आज तेच भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १५२ आहे आणि गटाराच्या तक्रारीसाठी अजून उपयोगी पडतं.

मोतीराम, १९७८: गवंड्याला दहा हजारांचा जामीन, आणि जामीनदार भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून तोही नाकारलेला. अय्यर यांनी हजार रुपयांच्या जातमुचलक्यावर, म्हणजे त्याच्या स्वतःच्याच हमीवर, सोडायला सांगितलं.

तिसरं महाराष्ट्राचं, होस्कोट, तेही १९७८. आरोपीची शिक्षा मुंबई उच्च न्यायालयाने तीन वर्षांपर्यंत वाढवली होती. तो सर्वोच्च न्यायालयात आला चार वर्षांहून अधिक उशिराने, शिक्षा भोगून झाल्यावर, कारण निकालाची नक्कल हातात पडलीच नाही असं त्याचं म्हणणं. तुरुंगाकडे नक्कल पोचल्याचं दिसत होतं, कैद्याला दिल्याचा पुरावा नव्हता. अर्ज फेटाळला गेला, पण नियम घालून दिला गेला: कैद्याला नक्कल मोफत आणि ताबडतोब द्यायची, त्याची लेखी पोच घ्यायची, वकील परवडत नसेल तर द्यायचा. पोच घ्या, हे तुरुंग खातं सांभाळलेल्यालाच सुचतं.

बिघडतं कुठे? बहरुल इस्लाम यांचं बघा. १९७२ मध्ये काँग्रेसची राज्यसभेची जागा सोडून गुवाहाटी उच्च न्यायालयात, निवृत्तीनंतर डिसेंबर १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयात, जानेवारी १९८३ मध्ये मुदतीआधी राजीनामा आणि त्याच वर्षी पुन्हा काँग्रेसकडून राज्यसभेत. त्याआधी बिहारचे काँग्रेसी मुख्यमंत्री जगन्नाथ मिश्रा यांच्या बाजूने गेलेल्या निकालात ते होते. तो निकाल कायद्याला धरून असेलही, पण तारखा पाहिल्यावर ते कोण मानणार?

अय्यर १४ नोव्हेंबर १९८० ला निवृत्त झाले. १९८७ मध्ये विरोधकांतर्फे राष्ट्रपतिपदासाठी उभे राहिले आणि आर. वेंकटरामन यांच्याकडून हरले. त्यांचे निकाल मुळात वाचणार असाल तर इंग्रजी शब्दकोश जवळ ठेवा, भाषा भलतीच अलंकारिक आहे. मोतीरामपासून सुरुवात करा, तो आखूड आहे.