वऱ्हाडी माणूस पडद्यावर फक्त हसवायलाच का?

प्रश्न : ताई, मी पोराच्या मोबाइलवर मल्याळी पिक्चर पाहतो. भाषा समजत नाही, खालच्या पाट्या वाचतो. तरी तिथलं गाव आपल्यासारखंच वाटते. मंग आपल्या पिक्चरात वऱ्हाडी बोलणारा माणूस फक्त हसवाले काऊन ठेवतेत?
– एक कास्तकार, ता. दारव्हा, जि. यवतमाळ

उत्तर : भाऊ, तुमची तक्रार खरी आहे, आणि ती मलाही कित्येक वर्षं सलते.

'महेशिंते प्रतिकारम' (2016) अवश्य पाहा. केरळातल्या इडुक्की जिल्ह्याच्या डोंगराळ भागातला एक फोटोवाला चारचौघांत मार खातो आणि बदला घेईस्तोवर पायात चप्पल घालणार नाही म्हणतो. गोष्ट एवढीच. पण तिथली बोली नायकाच्या तोंडी आहे, गड्याच्या नाही. सगळा फरक इथं पडतो.

'द ग्रेट इंडियन किचन' (2021) मी आमच्या घरी जावेसोबत पाहिला. बेसिनचा पाइप गळतो, सून रोज नवऱ्याला प्लंबरचं सांगते, तो रोज विसरतो आणि ती घाण पाणी उपसत राहते. जाऊ म्हणाली, "हे तं आपलंच घर हाय वं!" केरळातही त्या स्वयंपाकघरावरून घराघरांत वाद झाले.

असे सिनेमे तिथं आपोआप नाही घडले. दिग्दर्शक अडूर गोपालकृष्णन आणि त्यांच्या मित्रांनी 1965 मध्ये लोकांना चांगले सिनेमे दाखवणारी चित्रलेखा फिल्म सोसायटी काढली. पुढे मल्याळी दिग्दर्शक जॉन अब्राहम (हिंदीतला नट नव्हे) यांच्या ओडेसा या सिनेमावाल्यांच्या गटानं लोकांकडून वर्गणी गोळा करून 'अम्मा अरियन' (1986) हा सिनेमा केला. अर्थात तिथंही सारं गोड नाही. पी. के. रोझी ही मल्याळी सिनेमाची पहिली नायिका. दलित बाईनं नायर स्त्रीची भूमिका केली म्हणून लोकांनी तिला पिटाळून लावलं.

आपल्याकडे पाहणाऱ्यांचा तोटा नाही. गडचिरोलीतल्या वडसा भागात धान निघालं की झाडीपट्टीची, म्हणजे पूर्व विदर्भातल्या धानपट्ट्याची, नाटकं सुरू होतात, माणसं तिकीट काढून रात्रभर बसतात. त्यांच्यासाठी सिनेमा काढायला पैसा लावणारं कुणी नाही, ही खरी अडचण आहे.

तरी 'गाभ्रीचा पाऊस' (2009) मिळवून पाहाच. विदर्भातला कर्जात बुडालेला किसना जिवाचं काही बरंवाईट करील, या धास्तीनं बायको पोराला त्याच्या मागं पाठवते. हा किसना तुमच्यासारखाच कास्तकार आहे, आणि तो कुणाला हसवायला ठेवलेला नाही.