गोळा बाहेर गेला तर?

"मॅडम, आपला उत्तराचा गोळा चुकला तर शाळेचं नाव जाईल, म्हणते. आठ वर्षांच्या पोरीला हे कोणी सांगितलं असेल?"

2024 चा नोव्हेंबर. गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातल्या एका गावातून समुपदेशनासाठी माझ्याकडे आलेली आई (ओळखीच्या खुणा बदलल्या आहेत). तिसरीतली लेक शाळेची वेळ झाली की पोट धरून बसायची. डॉक्टर झाले, सोनोग्राफी झाली, काही निघालं नाही. घरच्यांच्या मते नाटक. नाटक नव्हतं, भीतीनेही पोट खरंच दुखतं.

मुलीपुढे मी कोरा कागद ठेवला. घर, झाड काहीतरी काढेल असं वाटलं. तिने ओळीने चार गोळे काढले, उत्तरपत्रिकेत पर्यायांचे असतात तसे, आणि तिसरा रंगवायला घेतला, जीभ दातांत धरून. रंग जरासा बाहेर गेला. रबराने इतकं घासलं की कागद फाटला. मग रडली.

गणेश चवथीच्या सुट्टीनंतर शाळेत 'परख' या देशव्यापी शैक्षणिक सर्वेक्षणाचा सराव सुरू होता. चित्रकलेच्या तासालाही तेच. घरी वडील आणखी दोन प्रश्नपत्रिका सोडवून घेत.

आईला मी आधी एवढंच सांगितलं: 4 डिसेंबरची ही चाचणी तिसरी, सहावी आणि नववीसाठी, तीही देशभरातल्या निवडक शाळांत. अहवाल राज्याचा आणि जिल्ह्याचा येतो. तुमच्या मुलीला त्यातून गुण मिळणार नाहीत, पास-नापासही नाही. आई गप्प झाली, मग चिडली. "मग आमच्या घरात दोन महिने हे कशाला चाललंय?" तिचा राग मला रास्तच वाटला.

टीचरना भेटले. त्या वाईट नाहीत. वरून रोज सरावाचे फोटो मागत होते, आणि तो धाक नकळत वर्गात उतरला होता. चित्रकलेचा तास परत द्यायला त्या तयार झाल्या. घरचा सराव वडिलांनी बंद केला, जरा कुरकुरतच.

पुढच्या वेळी मुलीला विचारलं, चवथीला गणपतीच्या वर टांगतात त्या माटोळीला काय काय बांधता? बोटांवर मोजत ती सांगू लागली: नारळ, सुपारीचं शिपटं, केळीचा घड, घागऱ्यो, कांगले... अकरापर्यंत गेली आणि थबकली.

"यातलं बरोबर कुठलं?"

"सगळीच," म्हटलं. तिला ते पटायला वेळ लागला. पोटदुखी जानेवारीत थांबली.

त्यांची शाळा निवडलेल्या यादीत नव्हतीच.