मामा अध्यक्ष, भाचा कारकून

प्रश्न: आमच्या गावच्या सहकारी बँकेत कारकुनाच्या जागा भरल्या. पेपरात जाहिरात आली नाही. शाखेत पाण्याच्या कूलरमागच्या फळ्यावर एक कागद डकवला होता, तोही मुदत संपायला दोन दिवस असताना. माझी मुलगी बी.कॉम. आहे, तिने अर्ज केला. लेखी परीक्षा झालीच नाही, नुसती तोंडी. तिला विचारले, लग्न कधी करणार? निवड झाली अध्यक्षांच्या भाच्याची. भाच्याची पाळी आली तेव्हा अध्यक्ष उठून बाहेर गेले होते, म्हणून सगळे नियमात बसते, असे मॅनेजर सांगतात. मी बँकेचा भागधारक आहे. दाद कुठे मागू?
— एक वाचक, डिचोली

उत्तर: अध्यक्षांच्या त्या बाहेर जाण्यापासूनच सुरुवात करू. हे नाटक मी लेखापरीक्षक असताना बऱ्याच ठिकाणी पाहिले आहे. सर्वोच्च न्यायालयाने ते 1969 सालीच निकालात काढले आहे. क्रैपक खटल्यात वन खात्याचा एक अधिकारी निवड मंडळावरही होता आणि उमेदवारही होता. स्वतःचे नाव निघाले की तो बाजूला होई, पण बाकीच्यांना तोलायला हजर असे. न्यायालयाने ती निवड रद्द केली. तुमच्या मुलीला गुण देताना मामा खुर्चीवर होतेच ना? मग भाच्यापुरते बाहेर जाऊन काय उपयोग!

पण हा निकाल घेऊन थेट पर्वरीला उच्च न्यायालयात धावू नका. ते प्रकरण सरकारी नोकरीचे होते. सहकारी बँक म्हणजे सरकार नव्हे. कांगडा येथील सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये तसे सांगितले आहे. पंधरा वर्षांच्या रहिवासाचा दाखला किंवा राखीव जागा हे सरकारी भरतीचे नियमही इथे आपोआप लागू होत नाहीत. तुमच्या बँकेला बांधतात ते तिचे पोटनियम, सेवानियम आणि सहकार कायदा.

तेव्हा आधी बँकेची नोंदणी कुठली ते पाहा. ती फक्त गोव्याची असेल तर 2001 चा गोवा सहकारी संस्था कायदा लागू होतो आणि तक्रार जाते पणजीत पाटोवरच्या सहकार संकुलात, निबंधकांकडे. नावात ‘मल्टी-स्टेट’ असेल तर 2002 चा केंद्रीय कायदा आणि दिल्लीचे केंद्रीय निबंधक. रिझर्व्ह बँकेला पत्र पाठवायचा मोह होतो सगळ्यांना, पण ती मुख्य कार्यकारी अधिकारी कोण, संचालक कसे, हे बघते. कारकून कोणाचा कोण लागतो, यात ती सहसा पडत नाही.

आता कागद. माहिती अधिकाराचा अर्ज बँकेकडे टाकला तर तो परत येईल. सरकारचा मोठा पैसा नसलेली सहकारी संस्था त्या कायद्याखाली येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या 2013 च्या थलप्पलम निकालात ठरले आहे. त्याच निकालातली दुसरी बाजू मात्र कोणी वाचत नाही: कायद्याने जी माहिती निबंधक संस्थेकडून मागवू शकतात, ती त्यांनी मागवून अर्जदाराला द्यायची, अपवाद सोडून. म्हणून अर्ज निबंधकांच्या माहिती अधिकाऱ्याकडे करा. मागा काय? सेवानियम, मंजूर आकृतिबंध (म्हणजे किती पदे मंजूर आहेत त्याचा तक्ता), भरतीचा संचालक मंडळाचा ठराव, जाहिरातीची प्रत आणि मुलाखतीचा गुणतक्ता. गुणतक्ता आला की शाई बघा. सगळ्या परीक्षकांचे आकडे एकाच पेनाने, एकाच हाताने भरलेले असतील, तर तक्रारीत तेच पहिले लिहा. बँक मल्टी-स्टेट असेल तर 2023 च्या दुरुस्तीनुसार तिने सहकार माहिती अधिकारी नेमायचा असतो आणि तो सभासदांना माहिती देतो. तिथे तुमचे भागधारक असणे कामी येईल.

सेवानियमांत पेपरात जाहिरात किंवा लेखी परीक्षा सांगितलेली असेल आणि ती झाली नसेल, तर तुमची बाजू भक्कम. सेवानियमच मोघम असतील, तर पक्षपातावर भर द्या. तक्रारीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्यायला विसरू नका. निबंधक ढिम्म राहिले तर पर्वरीला जाता येते. ते कायद्याने नेमलेले अधिकारी, त्यांना न्यायालय जाब विचारू शकते.

लग्नाचा प्रश्न किरकोळ समजू नका. भरतीत बाई म्हणून डावलायला 1976 च्या समान वेतन कायद्याने मनाई केली आणि 2019 च्या वेतन संहितेत ती कायम आहे. पुरुष उमेदवारांना हा प्रश्न विचारला होता का, हे मुलीला आजच लिहून ठेवायला सांगा, साक्षीदारांसह.

एक खबरदारी: भाचा रद्द झाला म्हणजे नोकरी मुलीला मिळेलच असे नाही. बहुधा जागा नव्याने भरावी लागेल.

प्रश्न: एका पतसंस्थेत शिपायाच्या जागेसाठी ओळखीचे गृहस्थ पैसे मागतात. ‘वर’ द्यायचे म्हणतात.
— एक वाचक, केपे

उत्तर: देऊ नका. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याच्या 2018 च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही गुन्हेगार ठरतो. जबरदस्तीने द्यावी लागली असेल तर सात दिवसांत तक्रार केली तरच सुटका. सरकारी अर्थसाहाय्य मिळालेल्या सहकारी बँकेचे किंवा पतसंस्थेचे पदाधिकारी या कायद्यात लोकसेवक धरले जातात. तुमची पतसंस्था त्यात बसत असेल तर दक्षता खात्याच्या भ्रष्टाचारविरोधी शाखेकडे जा, नसेल तर फसवणुकीची तक्रार पोलिसांत. फोनवरचे बोलणे पुसू नका.