सही करण्याआधी

प्रिय पोरी,

अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र परवा मिळालं. नगरपालिकेची निवडणूक थोडक्यात गेली, आणि महिना उलटायच्या आत एका वाहिनीने रात्रीच्या चर्चेच्या कार्यक्रमासाठी बोलावलं. पैसे चांगले आहेत, शिवाय "लोकांच्या डोळ्यांसमोर राहशील, पुढच्या वेळी उपयोगच होईल" असं तुझे बाबा म्हणतात. हे राजकारण सोडणं ठरेल का, असं तू मला विचारलं आहेस.

मी काही राजकारणातला माणूस नाही. पण नोकरीनिमित्त तैवानच्या तायपेईत बरीच वर्षं राहिलो, आणि तू आज जिथे उभी आहेस तिथून तीस वर्षांपूर्वी निघालेल्या एका माणसाचा रस्ता मी जवळून वाचला आहे. त्यांचं नाव चाओ शाओ-खांग. त्यांच्याबद्दल सविस्तर लिहितो, कारण तुझ्या प्रश्नाचं उत्तर मला तिथेच सापडतं.

चाओ मूळचे इंजिनिअर. तैवान विद्यापीठात कृषी यंत्रं शिकले, मग अमेरिकेत क्लेमसनला मेकॅनिकलची पदव्युत्तर पदवी घेतली. 1981 मध्ये तायपेईच्या महापालिकेत निवडून आले, 1986 मध्ये संसदेत. तेव्हा तैवानात लष्करी कायदा होता. 1949 पासून चाललेला तो कायदा 1987 मध्ये उठला. टीव्ही वाहिन्या होत्या तीन: एक प्रांतिक सरकारशी बांधलेली, दुसरी सत्ताधारी कुओमिंतांग पक्षाशी आणि तिसरी लष्कराशी. अशा हवेत एक तरुण खासदार उभा राहून मंत्र्याला सरळ प्रश्न विचारतो, ही गोष्टच लोकांना नवी होती. 1991 मध्ये त्यांना पर्यावरण खात्याचं प्रमुखपद मिळालं. दीड वर्षात ते सोडून ते पुन्हा निवडणुकीला उभे राहिले आणि 1992 मध्ये 2,35,887 मतं घेऊन आले. देशात त्या वेळी एवढी मतं दुसऱ्या कुणाला पडली नव्हती. पुढच्याच वर्षी, ऑगस्ट 1993 मध्ये, कुओमिंतांग सोडून काही सहकाऱ्यांबरोबर त्यांनी 'नवा पक्ष' काढला.

त्यांच्या साऱ्या कारकिर्दीतलं मला सर्वांत मोलाचं वाटणारं काम 1994 चं आहे. ताओयुआनमध्ये आरसीए या अमेरिकन कंपनीचा टीव्हीचे भाग बनवणारा कारखाना होता. दोन वर्षांपूर्वी तो बंद झाला होता. तिथली जमीन आणि भूजल विषारी द्रावकांनी नासल्याचं प्रकरण खासदार चाओंनी उघड केलं. ते पर्यावरण खातं सांभाळून आले होते, म्हणून कोणता कागद मागायचा हे त्यांना माहीत होतं, आणि खासदार होते म्हणून खात्याला उत्तर द्यावं लागलं. त्या कारखान्यात हजारो बायका काम करून गेल्या होत्या आणि त्यांतल्या कितीतरी जणी कर्करोगाने आजारी पडल्या. त्यांनी संघटना केली, खटला भरला. खालच्या न्यायालयाचा निकाल लागायला 2015 उजाडलं, आणि 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्यातल्या पुष्कळ जणांची भरपाई कायम केली. एका खासदाराने विचारलेला प्रश्न चोवीस वर्षं चालला. लढल्या त्या बायका, हे विसरू नकोस; पण कागदावर पहिली रेघ ओढायला सभागृहातलं कुणीतरी लागलं होतं.

त्याच वर्षी ते तायपेईच्या महापौरपदाला उभे राहिले. तैवानातली टीव्हीवरची पहिली निवडणूक-चर्चा त्या वेळी झाली. समोर होते चेन श्वेइ-ब्यान, पुढे राष्ट्राध्यक्ष झाले ते. चाओ बोलायला जबरदस्त. त्या चर्चेत तेच सरस होते असं सांगणारी माणसं मला तायपेईत भेटली आहेत. पण चाओंनी महापौराच्या निवडणुकीला देश वाचवण्याच्या लढाईचं रूप दिलं, आणि चेन यांनी 'आनंद' आणि 'आशा' एवढे दोनच शब्द हातात धरले. शहर तेव्हा मेट्रोच्या खोदकामाने आणि वाहतुकीने बेजार झालेलं होतं. डिसेंबरात मतं मोजली तेव्हा चेन 43.67 टक्के, चाओ 30.17, आणि कुओमिंतांगचे विद्यमान महापौर 25.89. कुओमिंतांगची मतं फुटली हे खरंच. तरी चर्चा जिंकणं आणि मत मिळवणं या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, हे मी या आकड्यांवरून शिकलो. तुला वाहिनीवाले बोलावताहेत ते तुझं बोलणं ऐकून, म्हणून हे मुद्दाम लिहिलं.

आता तुझ्या प्रश्नाशी येतो. 1995 च्या शेवटी झालेल्या संसदीय निवडणुकीत नव्या पक्षाने 21 जागा जिंकल्या. अडीच वर्षांच्या पक्षाला एवढ्या जागा! आणि नेमकं 1996 मध्ये चाओ सक्रिय राजकारणातून बाजूला झाले. रेडिओत उतरले आणि टीव्हीवर आले. 1998 मध्ये पक्षाच्या 11 जागा राहिल्या, 2001 मध्ये एक. सगळा दोष त्यांच्या जाण्याला देणं अन्यायाचं होईल. पक्षात भांडणं होती, पुढे त्याच मतदारांवर हक्क सांगणारा दुसरा पक्षही निघाला. पण उन्हात घरोघर फिरून पत्रकं वाटणाऱ्या त्या पोरांचा विचार माझ्या मनातून जात नाही. त्यांचा माणूस रोज ऐकू येत होता, दिसत होता, आणि तरी त्यांच्यापाशी नव्हता.

सूत्रसंचालक म्हणून चाओ मोठेच झाले. टीव्हीबीएस वाहिनीवरच्या त्यांच्या कार्यक्रमाला त्यांचंच नाव होतं, 'शाओ-खांग युद्धकक्ष'. मी ज्या साध्या खानावळीत जेवायचो तिथे भिंतीवरचा टीव्ही कायम चालू असायचा, आणि मालकीणबाई भाताचं भांडं घासता घासता त्यांच्याशी मोठ्याने वाद घालायच्या. अशा बोलक्या लोकांना तिथे 'मिंग-च्वे' म्हणतात, म्हणजे नामांकित तोंड. ज्या देशात चाळीस वर्षं कुणी बोलू शकत नव्हतं तिथे रात्री खानावळीत सरकारची झडती घेतली जाते, याची किंमत मी कमी लेखत नाही. तूही लेखू नकोस.

पण त्या खुर्चीवरचा माणूस सगळ्यांना विचारतो आणि त्याला कुणी विचारत नाही. तायपेईत ते मला हळूहळू खटकायला लागलं. आजचा विषय उद्या उरत नाही. आरसीएसारखं प्रकरण चोवीस वर्षं उरावर घेऊन बसायला तिथे जागाच नसते. आणि मालकीचा प्रश्न वेगळाच. 2003 च्या कायद्याने पक्ष, सरकार आणि लष्कर यांना तिथल्या रेडिओ-टीव्हीतून बाहेर पडावं लागलं. कुओमिंतांगच्या हातातली बीसीसी ही जुनी रेडिओ कंपनी विकली गेली, आणि तिचं अध्यक्षपद पुढे चाओंकडेच आलं. त्या व्यवहाराबद्दल नंतर वर्षानुवर्षं प्रश्न निघत राहिले. नेता, मालक आणि प्रश्नकर्ता एकाच अंगरख्यात आले की ऐकणाऱ्याला आज कोण बोलतंय ते कळत नाही. तुझ्या करारात तू पक्षाची सभासद राहणार की नाही, हे लिहिलं आहे का? नसेल तर लिहून घे. आणि प्रेक्षकांनाही पहिल्याच दिवशी सांग.

शेवटी ते परतलेच. 2021 मध्ये कुओमिंतांगमध्ये पुन्हा आले. नोव्हेंबर 2023 मध्ये दोन विरोधी पक्षांची युतीची बोलणी कॅमेऱ्यांसमोर फिसकटली आणि दुसऱ्या दिवशी कुओमिंतांगचे राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार होउ यू-ई यांच्याबरोबर उपराष्ट्राध्यक्षपदासाठी चाओंचं नाव जाहीर झालं. त्या वेळी ते 73 वर्षांचे होते. 13 जानेवारी 2024 ला या जोडीला 33.49 टक्के मतं पडली, जिंकणाऱ्यांना 40.05. महापौरपदाच्या हरण्यापासून या हरण्यापर्यंत जवळजवळ तीस वर्षं गेली होती. एवढ्या वर्षांत रोज ऐकले गेलेले शब्द त्यांच्याजवळ होते, पण एखाद्या गल्लीतला नळ मी लावून दिला असं म्हणण्याजोगं काही नव्हतं. तुझे बाबा म्हणतात तसा डोळ्यांसमोर राहण्याचा उपयोग होतो. चाओंना तो उमेदवारीपर्यंत झाला.

म्हणून मी तुला 'जाऊ नकोस' म्हणणार नाही. घराचे हप्ते आहेत हे मला ठाऊक आहे, आणि तू ते काम उत्तम करशील. पण तुझ्या प्रभागातल्या ज्या बायका दोन महिने स्वतःच्या डब्यावर तुझ्याबरोबर फिरल्या, त्यांना ही बातमी वाहिनीच्या जाहिरातीतून कळता कामा नये. सही करण्याआधी त्यांच्याकडे जा. पाण्याच्या टाकीचा तो अर्ज कुणी पुढे न्यायचा, ते त्यांच्याबरोबर बसून नावानिशी ठरव. त्यांनी 'जा' म्हटलं तर जा. रागावल्या तर तो राग पूर्ण ऐकून घे, मध्ये बोलू नकोस.

त्या काय म्हणाल्या ते मला कळव. रविवारी संध्याकाळी मी घरीच असतो.

तुझा,
काका