उजेड आवाजाइतकाच हळू चालला तर?

विचारलंय की कादंबरीतल्या जगात उजेडाचा वेग आवाजाएवढा ठेवला तर काय बदलेल.

आधी वीज. चमकल्यावर गडगडाटापर्यंत आकडे मोजायचे, तीन सेकंदाला एक किलोमीटर, हा हिशेब गेला. दोन्ही सोबतच पोचतील.

खरी मजा जागलीत. मी यवतमाळकडचा. हरभऱ्यात रानडुकरं शिरतात म्हणून रात्री मचाणीवर बसावं लागते. धुरा, म्हणजे शेताचा बांध, पावणेदोनशे मीटरवर. बॅटरी मारली की उजेडाला जायला अर्धा सेकंद, परतायला अर्धा. पळतं डुक्कर दिसलं तिथं नसतंच, ते पाच-सहा मीटर पुढं गेलेलं. अन् बटन बंद केल्यावरही धुरा सेकंदभर उजळलेलाच! उजेड हळू चालतो हा कादंबरीतला सिद्धांत एखाद्या पंडिताच्या नाही, अशा जागल्याच्या तोंडी द्या.

फक्त आभाळ सांभाळा. चंद्राचा उजेड यायला 13 दिवस, म्हणजे पुनवेचं चांदणं अवसेच्या आसपास. सूर्याचा उजेड आज सव्वाआठ मिनिटांत येतो, तिथं 14 वर्षं लागतील. मी असतो तर फक्त हवेतच उजेड मंदावतो, असा नियम केला असता. पटेलही, कारण आपल्या जगातसुद्धा पाण्यात त्याचा वेग पाऊणपटच असतो.