मुळाविना जगणारी वेल

प्रश्न : आमच्या बांधावरील बोरीवर पिवळ्या दोऱ्यांसारखी वेल पसरली आहे. तिचे मूळ जमिनीत कोठेच सापडत नाही. ती जगते कशी आणि बोर वाचेल का?
– एक वाचक, तासगाव (जि. सांगली)

उत्तर : ही अमरवेल होय. बी रुजताना तिला नाममात्र मूळ असते. परंतु बियांतील शिदोरी थोड्याच दिवसांत संपते, म्हणून कोवळा दोरा हवेत गोल फिरत आधार शोधतो आणि झाडाला विळखा घालून तग धरला की त्याचा जमिनीकडील भाग सुकून जातो. २००६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतील प्रयोगांत तिच्या भावकीतील एका जातीचा अंकुर टोमॅटोच्या नुसत्या वासाकडे वळताना दिसला, हे मला फार विलक्षण वाटते.

एक विळखा हलक्या हाताने सोडवून पाहा. आतल्या बाजूस बारीक गाठींची रांग दिसेल. ती चूषक मुळे सालीतून आत शिरतात आणि झाडाच्या पाणी व अन्न वाहणाऱ्या दोन्ही नलिकांशी जोडली जातात. बांडगुळाला हिरवी पाने असल्याने ते अन्न बऱ्याच अंशी स्वतः तयार करते. अमरवेल मात्र जवळजवळ सर्वस्वी बोरीवरच विसंबून आहे.

एखाद-दुसरीच फांदी व्यापली असेल, तर बोर वाचेल. वेल नुसती ओरबाडू नका, कारण सालीत राहिलेल्या भागातून ती पुन्हा फुटू शकते. फुले येण्यापूर्वीच वेढलेल्या फांद्या विळख्याच्या खालून छाटून जाळून टाका. तुटलेला तुकडाही दुसऱ्या झाडावर पडल्यास जगतो, तेव्हा तो कुंपणावर फेकू नये. जवळ लसूणघास असेल, तर तेथेही रोज नजर ठेवा.