इतिहास सहा-एकपासून सुरू करू नकोस

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

नॉर्वेतल्या बोडो/ग्लिम्ट या फुटबॉल क्लबवरचा तुझा मसुदा वाचला. मन लावून लिहिलायस, म्हणूनच मनापासून सांगतो: सुरुवात बदल. २१ ऑक्टोबर २०२१, ग्लिम्टकडून इटलीच्या रोमा क्लबचा ६-१ असा पराभव, रोमाचा प्रशिक्षक मोरिन्हो याचा पडलेला चेहरा... जो तो इथूनच सुरू करतो. मग वाचकाला वाटतं, एका रात्रीत चमत्कार झाला. शिवाय त्या दिवशी रोमाने बरेच मुख्य खेळाडू बाहेर बसवले होते, हे तू लिहिलेलं नाहीस. ते जरूर लिही. त्याने ग्लिम्टचं काही कमी होत नाही. दोनच आठवड्यांनी रोममध्ये जाऊन त्यांनी २-२ अशी बरोबरी साधली होती.

तू १९१६ पासून सुरू कर. आर्क्टिक वृत्ताच्याही उत्तरेला, समुद्राकाठच्या बोडो या गावात 'ग्लिम्ट' नावाचा क्लब निघतो. आणि पुढची जवळपास पन्नास वर्षं त्याला देशाच्या चषक स्पर्धेत खेळायचीच मुभा नसते! उत्तर नॉर्वेच्या संघांना ती १९६३ मध्ये मिळाली. देशाच्या लीगमधल्या सर्वोच्च विभागाचं दार तर १९७२ पर्यंत बंद होतं. त्यानंतरही दुसऱ्या विभागातल्या उत्तरेच्या गटात पहिलं येऊन भागत नसे. दक्षिणेच्या गटांतल्या दुसऱ्या क्रमांकाच्या संघांशी पुन्हा पात्रता सामने खेळावे लागत. १९७४ आणि १९७५, दोन्ही वर्षी ग्लिम्ट तिथेच अडकला. आणि त्याच १९७५ मध्ये, दुसऱ्या विभागात असताना, त्याने चषक जिंकला. असं यश मिळवणारा उत्तरेतला तो पहिला संघ. तुझ्या मसुद्यात याला एक ओळ आहे. मी असतो तर दोन पानं दिली असती. अन्याय नेमका कोणत्या नियमातून होत होता, हे कळल्याशिवाय त्या चषकाचं मोल वाचकाला कळणार नाही.

१९९३ चा चषक थोडक्यात आटोप. २०१० वर मात्र थांब. क्लब दिवाळखोरीच्या उंबरठ्यावर, खेळाडूंचे पगार थकलेले, आणि गावातले लोक पैसे गोळा करतायत. आज गावाची वस्ती पन्नास हजारांच्या आसपास, अस्पमीरा मैदानात जेमतेम आठ हजार माणसं मावतात. एवढ्याशा गावाने क्लब बुडू दिला नाही.

२०१६ मध्ये संघ पुन्हा दुसऱ्या विभागात घसरला. माझ्या मते आजच्या ग्लिम्टची खरी घडण इथून होते. २०१७ मध्ये ब्यॉर्न मान्सवेर्क हा माजी लढाऊ वैमानिक खेळाडूंच्या मनाच्या तयारीसाठी आला, २०१८ मध्ये शेटिल क्नुत्सेन मुख्य प्रशिक्षक झाला. निकालाची चर्चा कमी, आपण कसं खेळलो याची जास्त. गोल खाल्ला की खेळाडू मैदानातच रिंगण करून उभे राहतात आणि दोन शब्द बोलून घेतात. त्या सामन्यांची चित्रफीत नीट बघ आणि त्यावर लिही. २०२० च्या लीग विजेतेपदाचे आकडे देच: ३० सामने, ८१ गुण, १०३ गोल, एकच पराभव. पण आकडे या कामाच्या वर्णनानंतर येऊ देत.

कृत्रिम हिरवळ आणि थंडी यांमुळेच ते जिंकतात, हे तुझं वाक्य काढून टाक. घरच्या मैदानाचा फायदा होतो, हे खरंच. पण एप्रिल २०२५ मध्ये रोमच्याच लाझिओ क्लबला त्यांनी रोममध्येच पेनल्टींवर बाहेर काढलं आणि युरोपीय स्पर्धेची उपांत्य फेरी गाठणारा पहिला नॉर्वेजियन क्लब ठरले. तिथे इंग्लंडच्या टॉटनहॅमकडून दोन्ही सामने हरले, तेही लपवू नकोस.

आणि बेर्ग घराणं राहून गेलंय. १९७५ च्या संघात हाराल्ड बेर्ग होता, १९९३ च्या संघात त्याचा मुलगा रुनार, आणि आता नातू पात्रिक मधल्या फळीत खेळतो. पुढचा मसुदा याच घराच्या धाग्याने बांधता येतो का, ते करून बघ आणि पाठव. वाट पाहतोय.

तुझा,
काका